हमीचा पैसा : महाराष्ट्राच्या रोजगार हमी योजनेचा अर्थव्यवहार

दारिद्र्यनिवारणासाठी होणाऱ्या सरकारी खर्चाचा इतिहास बहुधा योजनांच्या नावांनी आणि त्या सुरू करणाऱ्या मंत्रिमंडळांच्या नावांनी सांगितला जातो. त्या योजनांसाठी पैसा कोणाकडून गोळा झाला, तो कोणत्या खात्यात ठेवला गेला आणि त्या खात्यातून तो दुसरीकडे वळवण्याची सोय कोणाला राहिली, हे प्रश्न मात्र लेखापरीक्षणाच्या अहवालांतच पडून राहतात. महाराष्ट्राच्या रोजगार हमी योजनेच्या बाबतीत या प्रश्नांना विशेष महत्त्व आहे, कारण या योजनेने एकाच वेळी दोन असाधारण गोष्टी केल्या. ग्रामीण भागातील कोणाही प्रौढ व्यक्तीने अंगमेहनतीचे काम मागितल्यास ते देण्याचे बंधन राज्याने कायद्याने स्वतःवर घालून घेतले, आणि हे बंधन पाळण्यासाठी लागणारा पैसा मुख्यतः शहरी उत्पन्नावर बसवलेल्या वेगळ्या करांतून उभा केला. यांपैकी पहिल्या गोष्टीची चर्चा पुष्कळ झाली आहे. दुसरीची तितकी झालेली नाही, आणि तिची मुळे योजनेच्या जन्माआधी जवळजवळ शंभर वर्षे शोधावी लागतात.

१८७६ ते १८७८ या काळात मुंबई इलाख्याचा दख्खन भाग, मद्रास इलाखा आणि म्हैसूर संस्थान या प्रदेशांत पडलेल्या दुष्काळात सरकारने मदतीची कामे काढली, परंतु त्या कामांवरचा खर्च आटोक्यात ठेवणे हीच सरकारची पहिली चिंता होती. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन याने पाठवलेला प्रतिनिधी सर रिचर्ड टेंपल याने पुरुष मजुराची मजुरी दिवसाला एक पौंड धान्याची किंमत आणि वर एक आणा इथपर्यंत खाली आणली. इतक्या अन्नावर दिवसभर खडी फोडणारा माणूस जगू शकत नाही, असा आक्षेप मद्रासच्या आरोग्य खात्यातील अधिकाऱ्यांनीच घेतला होता. मुंबई इलाख्यात मजुरी कमी झाल्यावर आणि मजुरांना घरापासून दूरच्या मोठ्या कामांवर हलवण्याचा हुकूम निघाल्यावर हजारो मजुरांनी कामावर जाण्याचे नाकारले, आणि पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची बाजू सरकारपुढे मांडली. गणेश वासुदेव जोशी, म्हणजेच सार्वजनिक काका, आणि त्यांचे सहकारी यांनी या काळात गावोगावची माहिती मिळवून पाठवलेली निवेदने आजही वाचण्यासारखी आहेत, कारण त्यांत करुणेच्या आवाहनापेक्षा आकड्यांचा आणि मजुरीच्या हिशेबाचा भर अधिक आहे.

या दुष्काळानंतर नेमलेल्या आयोगाचा अहवाल १८८० मध्ये आला आणि त्यावरून दुष्काळसंहिता तयार झाल्या. दुष्काळसंहिता म्हणजे दुष्काळाची लक्षणे कशी ओळखावी, कामे केव्हा काढावी, मजुरी किती द्यावी आणि केव्हा बंद करावी हे जिल्हाधिकाऱ्याला सांगणारा नियमसंग्रह. त्यात कसोटीच्या कामांची कल्पना होती : आधी थोडी कामे उघडायची, त्यांवर किती माणसे येतात हे पाहायचे, आणि त्या संख्येवरून संकटाची तीव्रता ठरवायची. मजुरी कमी आणि काम कष्टाचे असल्यामुळे ज्याचे घरी भागते तो तिकडे फिरकणार नाही, म्हणून गरजू कोण हे ठरवण्यासाठी वेगळी चौकशी करावी लागणार नाही, असा त्यामागचा विचार होता. अर्थशास्त्रज्ञ पुढे याला स्वयंनिवड म्हणू लागले. ही कल्पना शासकीय काटकसरीतून जन्मली असली, तरी तिचा एक भाग महाराष्ट्राच्या योजनेने जसाच्या तसा उचलला, हे मान्य करावे लागते.

याच वेळी पैशाचाही एक प्रयोग झाला, आणि त्याचे पर्यवसान पुढच्या सगळ्या गोष्टींच्या दृष्टीने बोधप्रद आहे. दुष्काळ दर काही वर्षांनी येणारच, म्हणून त्याच्या खर्चाची तरतूद दरवर्षी बाजूला काढून ठेवावी, असे ठरवून लिटनच्या सरकारने १८७८ मध्ये व्यापारी आणि कारागीर यांच्यावर परवाना कर बसवला, काही प्रांतांत जमिनीवर उपकर वाढवले, आणि त्यांतून वर्षाला दीड कोटी रुपयांचे दुष्काळ विमा अनुदान उभे राहील असे जाहीर केले. या कराविरुद्ध सुरतेत त्याच वर्षी दंगल झाली. हा पैसा दुष्काळाखेरीज दुसऱ्या कशावर खर्च होणार नाही असे आश्वासन देण्यात आले होते. परंतु लगेचच दुसरे अफगाण युद्ध सुरू झाले, तिजोरीवर ताण आला आणि आश्वासन मागे पडले. पुढील वर्षांत अनुदान कधी कमी केले गेले, कधी थांबवले गेले, आणि काही रेल्वे कंपन्यांच्या व्याजाची भरपाईही त्यातून झाली. गोपाळ कृष्ण गोखले यांनी १८९७ मध्ये वेल्बी आयोगापुढे भारताच्या वित्तव्यवहाराविषयी जी साक्ष दिली, तिच्यात या अनुदानाचाही समाचार होता. कर ठरावीक कारणासाठी बसवला गेला, लोकांनी तो भरला, कारण मात्र बदलले, असा हा आक्षेप होता, आणि तो खोडून काढणे सरकारला जमले नाही.

याच सुमारास दुष्काळसंहितेला एक निराळा अर्थ प्राप्त झाला. १८९६-९७ च्या दुष्काळात लोकमान्य टिळकांच्या 'केसरी'ने आणि सार्वजनिक सभेच्या प्रतिनिधींनी खेड्यापाड्यांत जाऊन शेतकऱ्यांना सांगितले की, अमुक परिस्थितीत काम मिळण्याची आणि सारा तहकूब होण्याची सोय सरकारने स्वतःच लिहून ठेवली आहे, तेव्हा ती मागा. संहिता ही अधिकाऱ्यांना दिलेली प्रशासकीय सूचना होती. तिच्यावरून कोणाला न्यायालयात जाता येत नव्हते. तरीही सरकारी नियम हा रयतेचा दावा म्हणून वापरता येतो, हे दख्खनच्या खेड्यांना प्रथम त्या वर्षी कळले. सरकारला त्याचा इतका राग आला की १८९७ मध्ये त्याने सभेची मान्यताच काढून घेतली.

स्वातंत्र्यानंतर मुंबई राज्याने आणि १९६० नंतर महाराष्ट्राने जुन्या संहितेच्याच चौकटीत टंचाईची कामे काढली. राज्याचा मोठा भाग सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतो, सिंचनाखालील क्षेत्र थोडे, आणि कोरडवाहू शेतीत पावसाळ्यानंतरचे कित्येक महिने शेतमजुराला काम नसते. त्यामुळे इथे दुष्काळ आणि नेहमीचे वर्ष यांत फरक अंशाचा असतो, प्रकाराचा नसतो. वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी १९७१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या भारतातील दारिद्र्याविषयीच्या अभ्यासाने हा मुद्दा राष्ट्रीय पातळीवर नेला. दिवसाला २,२५० उष्मांक मिळतील इतका खर्च हा किमान मानून त्यांनी १९६०-६१ च्या सुमारास ग्रामीण लोकसंख्येपैकी सुमारे ४० टक्के आणि शहरी लोकसंख्येपैकी सुमारे ५० टक्के लोक त्या रेषेखाली असल्याचा अंदाज केला. जमिनीचे फेरवाटप करून सर्वांना पुरेल इतकी जमीनच देशात नाही, तेव्हा सार्वजनिक बांधकामांवर किमान मजुरीचे काम देणे हाच व्यवहार्य मार्ग आहे, आणि त्याचा खर्च वरच्या थरातील लोकांच्या उपभोगाला कात्री लावून भागवावा, असा त्यांचा युक्तिवाद होता. पुण्यात बसून केलेल्या या मांडणीचा मंत्रालयातील फायलींवर नेमका किती परिणाम झाला हे सांगणे कठीण असले, तरी काम आणि कर या दोन्ही बाबी एकत्र मांडणारी ती त्या काळची सर्वांत स्पष्ट मांडणी होती.

योजनेचे प्रत्यक्ष बीज मात्र सांगली जिल्ह्यातले आहे. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे हे सर्वोदय विचाराचे कार्यकर्ते होते, आणि त्यांच्या प्रेरणेने १९६५ मध्ये तासगाव तालुक्यातील विसापूर येथे गावच्या विकासाची कामे आणि गावातील बेकार हात यांची सांगड घालण्याचा प्रयोग झाला. मजुराला मदत द्यायची ती दान म्हणून द्यायची नाही, आणि गावाला बंधारा, बांधबंदिस्ती किंवा रस्ता हवा असेल तर त्यासाठी बाहेरचा ठेकेदार आणायचा नाही, हे त्या प्रयोगाचे सूत्र होते. पुढे हीच कल्पना 'मागेल त्याला काम' या शब्दांत राज्यभर रूढ झाली, आणि वसंतराव नाईक यांच्या सरकारने १९७२ च्या पूर्वार्धात आपल्या पंधरा कलमी कार्यक्रमाचा भाग म्हणून रोजगार हमी योजना जाहीर केली.

योजना मूळ धरते न धरते तोच पाऊस पूर्णपणे फसला. १९७२-७३ चा दुष्काळ राज्याच्या स्मृतीत 'बहात्तरचा दुष्काळ' म्हणून आजही वेगळा उभा आहे. परदेशी मिलो ज्वारी, मुलांना वाटलेली सुकडी आणि माळामाळांवर दिसणाऱ्या खडीच्या राशी ही त्याची ओळख आहे. रोजगार हमीचा नवा कार्यक्रम बाजूला ठेवून सरकारने टंचाईची कामे अफाट प्रमाणात उघडली, आणि मे १९७३ मध्ये त्यांवर सुमारे ५० लाख माणसे राबत होती. पिके जवळजवळ संपूर्ण गेलेल्या तालुक्यांतही मोठ्या प्रमाणावर भूकबळी पडले नाहीत, याचे श्रेय ज्याँ द्रेझ यांच्यासारख्या अभ्यासकांनी या कामांवरील मजुरीला दिले आहे : लोकांच्या हातात पैसा आल्यामुळे धान्य त्यांच्यापर्यंत पोहोचले. पण या कामांची दुसरी बाजू अशी की अनेक ठिकाणी फोडलेली खडी कधी वापरलीच गेली नाही. त्या वर्षी मजुरांच्या मोर्चांनी आणि डाव्या व समाजवादी संघटनांनी केलेली मागणी केवळ कामाची नव्हती. उपयुक्त कामाची आणि पुरेशा मजुरीची होती. लाखो मजूर ठिकठिकाणी एकत्र आल्यामुळे जी संघटना उभी राहिली, तिचा दबाव दुष्काळ ओसरल्यावरही राहिला, आणि योजना पुन्हा सुरू करताना सरकारला तो विचारात घ्यावा लागला.

आता प्रश्न पैशाचा आला. टंचाईचा खर्च हा आकस्मिक खर्च असतो आणि त्यासाठी केंद्राकडे हात पसरता येतो. कायमच्या हमीसाठी तसे करता येत नाही. म्हणून १९७५ मध्ये राज्याने व्यवसाय करासाठी स्वतंत्र कायदा केला. व्यवसाय कर म्हणजे नोकरी, धंदा किंवा व्यवसाय करून उत्पन्न मिळवणाऱ्यावर राज्याने बसवलेला कर. राज्यघटनेच्या २७६ व्या अनुच्छेदाने त्याला परवानगी आहे, मात्र त्या वेळी एका व्यक्तीकडून वर्षाला २५० रुपयांहून अधिक घेता येत नसे. हा कर पगारातूनच कापला जात असल्यामुळे त्याची वसुली सोपी होती, आणि पगारदार व व्यावसायिक यांची दाटी जिथे होती त्या मुंबईतून त्याचा मोठा वाटा येत असे. याच्या जोडीला वाहन कर आणि विक्रीकर यांवर वाढीव आकारणी, जमीन महसुलावर अधिभार, बागायती जमिनीवर विशेष आकारणी आणि शहरांतील अनिवासी इमारतींवर उपकर बसवण्यात आला. १९६२ च्या शिक्षण उपकराच्या कायद्याच्या नावातही 'रोजगार हमी' हे शब्द जोडले गेले. या सर्व करांतून जेवढी रक्कम येईल तेवढीच रक्कम राज्याने आपल्या सर्वसाधारण महसुलातून घालायची, असेही ठरले.

शहराने खेड्यासाठी कर भरावा ही गोष्ट ऐकायला उदार वाटते, पण तिच्यात सर्वांचा थोडाथोडा हिशेब होता. मुंबईला दुष्काळी भागातून येणाऱ्या लोंढ्यांची चिंता होती. ग्रामीण आमदारांना आपल्या मतदारसंघात कामे हवी होती. मोठ्या शेतकऱ्यांना पाझर तलाव, नालाबांध आणि रस्ते हवे होते, आणि त्यांच्या जमिनीवर या सगळ्याचा भार फारसा पडणार नव्हता. अमेरिकी अभ्यासक रोनाल्ड हेरिंग आणि रेक्स एडवर्ड्स यांनी १९८३ मध्ये नेमका हाच आक्षेप घेतला की, योजनेची मजुरी गरिबाला मिळते पण तिने निर्माण केलेली मत्ता जमीनदाराच्या वाट्याला येते. आक्षेप खरा होता. तरीही त्याच्यातून निघणारा निष्कर्ष थोडा वेगळा असू शकतो : भूमिहीन मजुरांच्या बाजूने इतका मोठा खर्च विधिमंडळात इतकी वर्षे बिनविरोध टिकला, तो मोठ्या जमीनधारकांनाही त्यात काही मिळत होते म्हणूनच.

रोजगार हमीचा कायदा १९७७ मध्ये विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी एकमताने संमत केला, आणि राष्ट्रपतींच्या संमतीनंतर तो २६ जानेवारी १९७९ रोजी अमलात आला. कायद्यानुसार १८ वर्षांवरील कोणाही व्यक्तीने नाव नोंदवून काम मागितल्यास १५ दिवसांच्या आत तिला अकुशल काम देणे बंधनकारक झाले; ते न दिल्यास बेकारी भत्ता द्यायचा होता, मात्र त्याची किमान रक्कम दिवसाला अवघा एक रुपया होती. कामावर किमान ५० मजूर असावेत, खर्चातील किमान ६० टक्के वाटा मजुरीवर जावा, ठेकेदार नसावा, आणि कामाच्या जागी पिण्याचे पाणी, सावली व लहान मुलांसाठी पाळणाघर असावे, असे नियम झाले. वित्तव्यवहाराच्या दृष्टीने कायद्याचा खरा गाभा निधीविषयीच्या तरतुदीत आहे. सर्वसाधारण सरकारी खात्याला अर्थसंकल्पात वर्षापुरती रक्कम मंजूर होते, आणि ३१ मार्चपर्यंत ती खर्च न झाल्यास ती रद्द होते. रोजगार हमी निधीतील शिल्लक मात्र रद्द न होता पुढील वर्षी नेता येणार होती. त्यामुळे चांगल्या पावसाच्या वर्षी वाचलेला पैसा दुष्काळाच्या वर्षी उपयोगी पडावा, ही १८७८ ची मूळ कल्पना शंभर वर्षांनी कायद्याच्या आधाराने पुन्हा मांडली गेली. या खर्चावर देखरेख ठेवण्यासाठी विधिमंडळाची स्वतंत्र समितीही नेमण्यात आली, आणि तिचे सदस्य जिल्ह्याजिल्ह्यांत जाऊन कामे पाहत, अधिकाऱ्यांची साक्ष घेत.

प्रत्यक्षात हमी राबवण्याची यंत्रणा साधी पण किचकट होती. सिंचन, बांधकाम, वन आणि कृषी या खात्यांनी कामांचे आराखडे आधीच तयार ठेवायचे, मागणी आली की जिल्हाधिकाऱ्याने त्यांतून काम उघडायचे, आणि तहसीलदाराने मजूर पाठवायचे. मजुरी कामाच्या मोजमापावरून ठरे; अभियंता टोळीने खणलेल्या मातीचे माप पुस्तिकेत लिही, आणि हजेरीपटावरच्या नावांमध्ये त्यावरून रक्कम वाटली जाई. माती किती कठीण, किती अंतरावर वाहून नेली, यावर दर बदलत असल्यामुळे मजुराला आपली मजुरी किती हे आठवडा उलटल्यावरच कळे, आणि खोट्या हजेरीचे व फुगवलेल्या मापांचे प्रकार या दोन कागदांच्या फटीतूनच घडत. एवढे असूनही पहिल्या दशकातील पाहण्यांमधून दिसते की कामावर येणारे बहुसंख्य लोक खरोखर गरीब घरांतले होते, आणि त्यांत स्त्रियांचे प्रमाण ४० टक्क्यांहून अधिक होते. घराजवळ काम आणि पुरुषाइतकाच दर मिळणे, ही गोष्ट शेतमजूर स्त्रीला तोवर कुठल्याही बाजारात मिळालेली नव्हती. १९७९-८० च्या सुमारास योजनेतून वर्षाला सुमारे २० कोटी मनुष्यदिवसांचे काम निघत होते. एक मनुष्यदिवस म्हणजे एका माणसाचे एका दिवसाचे काम.

१९८८ मध्ये राज्यातील शेतमजुरांच्या किमान वेतनात जवळपास दुप्पट वाढ झाली, आणि योजनेच्या मजुरीचे दर त्याच्याशी जोडलेले असल्याने तेही वाढले. वाढीव मजुरी ही न्याय्य मागणी होती यात शंका नाही. पण खर्चाला वरची मर्यादा नसलेल्या हमीत मजुरी दुप्पट होते तेव्हा वित्त विभागापुढे दोनच मार्ग राहतात : खर्च वाढू द्यायचा, किंवा हमी मूकपणे आखडायची. मार्टिन रॅव्हेलियन, गौरव दत्त आणि शुभम चौधरी यांनी १९९३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात असे आढळले की मजुरी वाढल्यावर काम मागणाऱ्यांची संख्या वाढायला हवी होती, प्रत्यक्षात रोजगार घटला, आणि त्यावरून दुसरा मार्गच स्वीकारला गेल्याचे दिसते. दशकाच्या अखेरीस मनुष्यदिवस १९७९-८० च्या निम्म्याहूनही खाली आले. कायद्यातला एकही शब्द बदलला नव्हता. नवी कामे उघडायला उशीर करणे, काम दूरच्या गावी देणे, मागणीचा अर्ज घेऊन पोच न देणे, एवढे पुरेसे होते. आणि पोच नसली की बेकारी भत्त्याचा दावाही उभा राहत नाही.

याच काळात योजनेचा रोख मजुराकडून मत्तेकडे वळू लागला. जवाहर विहिरी आणि १९९० पासूनची फळबाग लागवड योजना यांतून खासगी शेतजमिनीवरील कामांना रोजगार हमीच्या पैशातून अनुदान मिळू लागले. कोकणातील आंबा आणि काजू, सोलापुरातील डाळिंब आणि बोर, मराठवाड्यातील मोसंबी यांची लागवड यामुळे झपाट्याने पसरली, आणि कोरडवाहू शेतकऱ्याला तिचा खरा लाभ झाला हे नाकारता येत नाही. भूमिहीन मजुराला मात्र खड्डे खणण्याच्या दिवसांपलीकडे त्यातून काही मिळाले नाही.

निधीची गत काय झाली, हा या इतिहासातील सर्वांत कमी सांगितला गेलेला भाग आहे. १९९० च्या दशकात व्यवसाय कर आणि इतर आकारण्या वाढत गेल्या. घटनेच्या ६० व्या दुरुस्तीने १९८८ मध्ये व्यवसाय कराची मर्यादा २५० वरून २,५०० रुपये केली होती. योजनेवरचा खर्च मात्र वसुलीच्या मागे पडला. कायद्याप्रमाणे उरलेली रक्कम आणि राज्याचा बरोबरीचा हिस्सा निधीत साठायला हवा होता. पण कर प्रथम राज्याच्या एकत्रित निधीत जमा होतात आणि तिथून विनियोजनाने, म्हणजे विधिमंडळाच्या खर्चमंजुरीने, रोजगार हमी निधीत वर्ग होतात. आणि तंगीच्या वर्षांत हे वर्ग करणेच लांबणीवर पडले. शिल्लक अशा रीतीने कागदावर वाढत गेली, आणि तिजोरीत तो पैसा पगार, व्याज आणि इतर खर्चात मिसळून गेला. कर भरणाऱ्या मुंबईकराला हे कळण्याचा मार्ग नव्हता, आणि ज्याच्यासाठी कर होता त्या मजुराने काम मागितले नाही तर शिल्लक दिसणारच, असे उत्तर तयार होते. १८७८ चे आश्वासन व्हाइसरॉयच्या शब्दावर होते आणि युद्धाने मोडले; १९७७ चे बंधन कायद्यावर होते, आणि ते मोडण्यासाठी युद्धही लागले नाही. दोन्ही वेळा पैसा वळवणाऱ्याला अडवू शकेल असा एकच घटक होता, तो म्हणजे मागणी करणारा मजूर, आणि तो संघटित असेपर्यंतच निधी आपल्या कामी आला.

२००५ मध्ये संसदेने राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा केला, तेव्हा महाराष्ट्राचा अनुभव त्याच्या रचनेत ठळकपणे होता : अर्ज, १५ दिवसांची मुदत, बेकारी भत्ता, मजुरीचा ६० टक्के वाटा, ठेकेदाराला बंदी. नव्या कायद्यात हमी प्रत्येक कुटुंबाला वर्षाला १०० दिवसांपुरती मर्यादित झाली, अकुशल मजुरी केंद्राने द्यायची ठरली, बेकारी भत्त्याचा भार मात्र राज्यावर आला, जेणेकरून काम न देण्याची किंमत काम न देणाऱ्यालाच मोजावी लागेल. १९८८ नंतरच्या महाराष्ट्रातील घडामोडींकडे पाहता ही दुरुस्ती उशिरा सुचलेली वाटते. २ फेब्रुवारी २००६ पासून देशातील २०० जिल्ह्यांत, त्यांत महाराष्ट्रातील १२ जिल्ह्यांत, आणि १ एप्रिल २००८ पासून सर्व ग्रामीण जिल्ह्यांत हा कायदा लागू झाला, आणि राज्याने आपला जुना कायदा त्याच्याशी जुळवून घेतला. अकुशल मजुरीचा खर्च केंद्राने उचलल्यामुळे रोजगार हमी निधीवरचा भार हलका झाला. व्यवसाय कराची कपात पूर्वीसारखीच चालू राहिली. त्या निधीतून त्यानंतर साहित्याच्या खर्चातील राज्याचा वाटा, फळबागा आणि विहिरी, आणि एखाद्या कुटुंबाने १०० दिवस पूर्ण करून पुन्हा काम मागितल्यास १०१ व्या दिवसापासूनची मजुरी द्यायची होती.